निथळ

आमचं आडनाव थेंबनीस.
तांबट आळीच्या एका तळघरात
सात पिढ्या आम्ही पुण्याची वेळ मोजतो.

भरलेला तांब्या उपडा करायचा.
आधी धार, मग थेंब.
शेवटचा थेंब पडेपर्यंतचा अवधी म्हणजे एक निथळ.
इयत्ता पाचवी, धडा दुसरा.
मुलं पाठ करतात, घरी जाऊन पेले उपडे घालतात,
आणि ओट्यावर तळं केल्याबद्दल धपाटे खातात.

पाणी कात्रजचं, रात्रभर माठात निवलेलं.
खडकवासल्याचं उतावळं असतं, बाबा म्हणत.
थंडीत निथळ लांबते, वैशाखात आखडते,
कायद्याने दोन्ही सारख्याच.
म्हणून सावकार कर्ज उन्हाळ्यात देतात
आणि शहाणे कारकून रजा पौषात टाकतात.
अर्धी निथळ नसते. कुणी मागू नये.

तांब्या निजामपूरकरांच्या हातचा,
अकराशे ठोक्यांनी मठारलेला,
त्यातला एक ठोका चुकलेला, काठाजवळ.
तिथे थेंब जरा रेंगाळतो.
तेवढं रेंगाळणं सगळ्या शहराच्या वेळेत आहे:
स्वारगेटला कंडक्टरचा हात दोरीवर असताना,
न्यायाधीश कागद उलटा करून पाणी पितात तेव्हा,
सोमवार पेठेत अंडं उकळत असताना
(पाच निथळी मऊ, आठ निथळी कडक).
आपण म्हणतो ना, निथळभर थांब,
तेव्हा आपण कुणा एकाच्या थकलेल्या मनगटापाशी थांबतो.

आणि माणूस गेलं की
उशाशी तांब्या उपडा करतात.
तो निथळेपर्यंत कुणी रडायचं नाही,
कुणी गेले म्हणायचं नाही.
तेवढा वेळ ते माणूस
ना इथलं, ना तिथलं,
ना कुणाचं देणेकरी.

मागल्या वर्षी पाषाणच्या प्रयोगशाळेतून
डॉक्टर शिरीन दारूवाला आल्या,
पेटीत तारा, भिंगं, एक निळा दिवा.
चाळीस दिवस आमच्या पाटावर मांडी घालून बसल्या.
बाबांनी त्यांना रोज चहा दिला, साखर कमी.
एकेचाळिसाव्या दिवशी त्या हळूच म्हणाल्या,
थेंबनीस, शेवटचा थेंब पडत नाही.
तो लोंबतो. लोंबतो आणि वाळतो.
तुमची एकही निथळ कधी पुरी झालेली नाही.

बाबा तांब्या पुसत होते.
म्हणाले, ठाऊक आहे.
माझ्या वडलांनाही ठाऊक होतं.
थेंब काय, कुणीही मोजेल.
आपण झालं म्हणतो, बाई.
कुणीतरी म्हणावं लागतं.
त्यांनी झालं म्हटलं,
गड्याने दोर ओढला, वर घंटा,
मग पर्वतीवर घंटा, मग हडपसरला,
आणि कुठेतरी कुणाची तरी बस सुटली.

माघातल्या एका पहाटे
बाबा पाटावरच कलंडले, हातात फडकं.
घरात दुसरा तांब्या होता.
मी तोच उचलला,
कात्रजचं पाणी, काठोकाठ,
आणि त्यांच्या उशाशी उपडा धरला.

धार गेली.
थेंब गेले, मी मोजले, सवयीने.
एकाहत्तरावा
त्या चुकलेल्या ठोक्याशी येऊन थांबला.
त्यात तळघराची खिडकी होती, उलटी,
आणि खिडकीत उजाडत होतं.

गडी दोर धरून माझ्याकडे बघत राहिला.
मी तोंड उघडलं.
साधा दोन अक्षरी शब्द,
सात पिढ्या घासून गुळगुळीत झालेला.
तो येईना.

किती वेळ, ते सांगता येत नाही.
सांगायला जे माप लागतं
ते माझ्या हातात उलटं होतं.

शेवटी कधीतरी मी म्हटलं असणार,
कारण घंटा वाजली.
वहीत मी नोंद केली: एक.
दारूवाला बाईंनी त्या दिवसाचा आलेख पाहिला,
घडी घालून पर्समध्ये ठेवला,
आणि तो पुन्हा कधी दाखवला नाही.

सोमवार पेठेत मात्र अजून बोलतात,
त्या सकाळी म्हणे
एकूण एक अंडं कडक झालं होतं.